कानांनी पाहायचा खेळ

बास्केटबॉलमधला सर्वांत गाजलेला विक्रम आज कोणालाही डोळ्यांनी पाहता येत नाही. २ मार्च १९६२ च्या रात्री अमेरिकेतील पेनसिल्व्हेनिया राज्यात हर्षी या गावी फिलाडेल्फिया वॉरियर्स आणि न्यूयॉर्क निक्स यांचा सामना झाला. चॉकलेटच्या कारखान्यामुळे नावारूपाला आलेले हे छोटेसे गाव. प्रेक्षक होते ४,१२४. त्या रात्री वॉरियर्सच्या विल्ट चेंबरलेन या सात फूट एक इंच उंचीच्या खेळाडूने एकट्याने १०० गुण केले. वॉरियर्सने सामना १६९-१४७ असा जिंकला. पण तिथे दूरचित्रवाणीचा कॅमेरा नव्हता. मागे उरले ते धावफलकाचे कागद, '१००' असा आकडा लिहिलेला कागद हातात धरून बसलेल्या चेंबरलेनचे छायाचित्र, आणि एक आवाज.

तो आवाज होता रेडिओ समालोचक बिल कॅम्पबेल यांचा. फिलाडेल्फियाच्या डब्ल्यूसीएयू केंद्रावरून त्यांनी त्या सामन्याचे वर्णन केले. मूळ प्रसारण कोणी जपून ठेवले नव्हते. मात्र रात्री उशिरा शेवटच्या चौथ्या भागाचे पुनःप्रसारण झाले, तेव्हा मॅसॅच्युसेट्स विद्यापीठातला जिम ट्रिलीज नावाचा विद्यार्थी आपला टेपरेकॉर्डर लावून बसला होता. मुलांना मोठ्याने वाचून दाखवा, असे पुढे अमेरिकेतल्या आईबापांना सांगत फिरलेले लेखक ते हेच. त्या विद्यार्थ्याच्या हौसेमुळे तो आवाज वाचला. २०१६ साली अमेरिकेच्या लायब्ररी ऑफ काँग्रेसने राष्ट्रीय ध्वनिमुद्रणांच्या यादीत त्याचा समावेश केल्याचे जाहीर केले. म्हणजे ज्या खेळाला आपण केवळ 'पाहण्याचा' खेळ समजतो, त्याच्या सर्वांत मोठ्या रात्रीचा साक्षीदार कान आहे, डोळा नव्हे.

आज घराघरांत मोठे पडदे आहेत, खिशात छोटे पडदे आहेत. मग सामना ऐकायचा कशाला, असा प्रश्न कोणालाही पडेल. ज्याला पाहायला मिळत नाही त्याने नाइलाजाने ऐकावे, अशी आपली सर्वसाधारण समजूत असते. ही समजूत तपासून पाहण्यासारखी आहे. कारण ती तशीच राहिली, तर हळूहळू ऐकण्याची सोयच उरणार नाही, आणि तिची झळ ज्यांना दुसरा मार्गच नाही अशांना बसेल.

शब्दांनी आखलेले मैदान

बास्केटबॉल रेडिओवर सांगणे हे क्रिकेट सांगण्यापेक्षा फार निराळे काम आहे. क्रिकेटमध्ये दोन चेंडूंच्या मध्ये वेळ असतो. गोलंदाज मागे जातो, समालोचक झाडांवरच्या पाखरांबद्दल बोलू शकतो. बास्केटबॉलचे मैदान ९४ फूट लांब आणि ५० फूट रुंद. त्यावर दहा खेळाडू. चेंडू हाती आल्यावर २४ सेकंदांत बास्केटकडे फेकलाच पाहिजे, असा एनबीएचा, म्हणजे तिथल्या व्यावसायिक लीगचा, १९५४ पासूनचा नियम. बारा-बारा मिनिटांचे चार भाग, आणि त्या ४८ मिनिटांत दोन्ही संघ मिळून सहज दोनशेवर गुण. म्हणजे सांगणाऱ्याला दम घ्यायला फुरसत नाही.

तरीही चांगला समालोचक या धांदलीतून मैदान उभे करतो. सुरुवातीलाच तो सांगतो की यजमान संघ डावीकडून उजवीकडे चाल करणार आहे. जुन्या रेडिओच्या तबकडीवर काटा जसा डावीकडून उजवीकडे सरकतो, तसाच तुमच्या मनातल्या मैदानावर चेंडू सरकू लागतो. मग चेंडू कोणाकडे आहे, तो मध्यरेषा ओलांडून आला का, कोपऱ्यात आहे की बास्केटसमोरच्या अर्धवर्तुळाच्या टोकाशी, समोर कोण अडवायला उभा आहे, घड्याळात किती सेकंद उरले आहेत, हे सगळे एका श्वासात येते. एकदा डावे-उजवे पक्के झाले की पुढचे चित्र श्रोता आपले आपण काढतो.

यात एक साधा नियम आहे, आणि तो विसरला की सगळे बिघडते: गुणसंख्या सतत सांगत राहिली पाहिजे. रेडिओचा श्रोता मध्येच येतो. कोणी गाडी सुरू करतो, कोणी भांडी विसळून हात पुसत येतो. त्याला आधी हवे असते ते इतकेच: किती-किती झाले आणि वेळ किती उरला? बेसबॉलचे नामवंत समालोचक रेड बार्बर तर समोर तीन मिनिटांचे वाळूचे घड्याळ ठेवत. वाळू खाली गेली की गुणसंख्या सांगायची आणि घड्याळ उलटे करायचे. ऐकणाऱ्याची इतकी काळजी करणारे शिस्तीचे काम होते ते.

दोन आवाज, दोन तऱ्हा

बास्केटबॉलच्या रेडिओला घडवणाऱ्या माणसांत दोन नावे मुद्दाम घ्यावीत अशी आहेत. पहिले बोस्टनचे जॉनी मोस्ट. १९५३ पासून १९९० पर्यंत त्यांनी बोस्टन सेल्टिक्सचे सामने सांगितले. आवाज खरखरीत, आणि पक्षपात अगदी उघड. आपला संघ म्हणजे सज्जनांचा मेळावा आणि समोरचे सगळे दांडगट, असा त्यांचा खाक्या. १५ एप्रिल १९६५ रोजी सेल्टिक्स आणि फिलाडेल्फिया यांच्यातल्या मालिकेचा सातवा, निर्णायक सामना होता. पाच सेकंद उरले होते, सेल्टिक्स ११०-१०९ असे फक्त एका गुणाने पुढे, आणि चेंडू आत टाकण्याची संधी फिलाडेल्फियाला. जॉन हॅव्हलिचेकने हात घालून तो चेंडू हिसकावला आणि मोस्ट अक्षरशः ओरडू लागले. 'हॅव्हलिचेकने चेंडू चोरला' अशा अर्थाची त्यांची ती आरोळी पुढे ग्रामोफोनच्या तबकडीवर विकली गेली. बोस्टनमध्ये एका पिढीने त्या पाच सेकंदांची आठवण पाठ केली ती त्या आवाजातूनच.

दुसरे लॉस एंजेलिसचे चिक हर्न. लेकर्स हा संघ १९६० मध्ये मिनिआपोलिसहून लॉस एंजेलिसला आला तेव्हा त्या शहराला त्याचे विशेष कौतुक नव्हते. १९६१ मध्ये हर्न आले आणि रेडिओवरून त्यांनी शहराला हा खेळ शिकवला. नोव्हेंबर १९६५ ते डिसेंबर २००१ या काळात त्यांनी सलग ३,३३८ सामने सांगितले. एकही चुकवला नाही. हृदयाच्या शस्त्रक्रियेमुळे अखेर तो क्रम तुटला. त्यानंतरही ते परत मायक्रोफोनसमोर बसले आणि ऑगस्ट २००२ मध्ये, वयाच्या ८५ व्या वर्षी गेले. 'स्लॅम डंक', 'एअर बॉल' असे आज जगभर मुलांच्या तोंडी असलेले शब्द रुळवण्याचे श्रेय त्यांना दिले जाते. सामना हातचा गेला की नाही हे सांगण्याची त्यांची तऱ्हा तर खास घरगुती होती: सामना आता फ्रीजमध्ये गेला, दार लागले, आतला दिवा मालवला, अंडी गार होत आहेत, लोणी घट्ट होत आहे. स्वयंपाकघरात काम करता करता रेडिओ ऐकणाऱ्या गृहिणीलाही कळावे असे हे वर्णन.

लॉस एंजेलिसच्या क्रीडागृहाबाहेर २०१० मध्ये हर्न यांचा पुतळा बसवण्यात आला. टेबलाशी, मायक्रोफोनसमोर बसलेले हर्न आणि शेजारी एक रिकामी खुर्ची. येणाऱ्याने त्या खुर्चीत बसावे, अशी कल्पना. श्रोत्याला शेजारी बसवून घेणाऱ्या माणसाचे याहून चांगले स्मारक सुचणे कठीण आहे.

हर्न यांच्या बाबतीत आणखी एक गोष्ट लक्षात घेण्याजोगी. वर्षानुवर्षे त्यांचा एकच आवाज रेडिओवर आणि दूरचित्रवाणीवर एकाच वेळी जात असे. ते बोलत मात्र रेडिओच्या श्रोत्यासाठी. समोर चित्र दिसणाऱ्या प्रेक्षकांनाही त्यांची कधी अडचण झाली नाही, उलट तेही त्यांच्यावर लुब्ध होते. न पाहणाऱ्यासाठी बोलले तर पाहणाऱ्याचे काही बिघडत नाही. याच्या उलट मात्र चालत नाही.

ऐकायचे कुठे?

आता व्यवहाराचे बोलू. एनबीएत ३० संघ आहेत आणि प्रत्येक संघ ऑक्टोबर ते एप्रिल या नियमित हंगामात साधारण ८२ सामने खेळतो. त्यापुढे जूनपर्यंत बाद फेऱ्या. संघांच्या शहरांत स्थानिक रेडिओ केंद्रे हे सामने देत आली आहेत. सर्वांत जुना, सर्वांत स्वस्त आणि सर्वांत ताजा मार्ग हाच. मध्यम लहरींवरचे, म्हणजे तिकडच्या भाषेत 'एएम'वरचे प्रसारण रात्री तर फार दूरवर जाते. सूर्यास्तानंतर या लहरी वातावरणाच्या वरच्या थरांवरून परावर्तित होतात आणि शेकडो मैलांवर उतरतात. फिलाडेल्फियाचा आवाज मॅसॅच्युसेट्समधल्या विद्यार्थ्याच्या टेपरेकॉर्डरपर्यंत पोचला त्यामागे ही निसर्गाची मेहेरबानीही होती.

दुसरा मार्ग उपग्रह रेडिओचा. अमेरिका आणि कॅनडात सिरियस एक्सएम या सेवेची वर्गणी भरली की लांबच्या प्रवासात राज्यामागून राज्ये ओलांडली तरी आपल्या आवडत्या संघाचे केंद्र सुटत नाही. तिसरा मार्ग इंटरनेटचा. लीगच्या आणि संघांच्या अ‍ॅपवर रेडिओ समालोचन ऐकण्याची सोय असते. तिचे नियम आणि शुल्क दर हंगामात बदलतात, तेव्हा पैसे भरण्यापूर्वी नीट वाचून घ्यावे. महाविद्यालयीन बास्केटबॉलचे जग आणखी मोकळे. अनेक विद्यापीठांत विद्यार्थीच आपले रेडिओ केंद्र चालवतात आणि आपल्या संघाचे सामने सांगतात. उद्याचे समालोचक तिथेच तयार होतात.

इंटरनेटवरून ऐकताना दोन गोष्टी ध्यानात ठेवाव्यात. एक म्हणजे उशीर. हवेतून येणारा रेडिओ जवळपास तत्क्षणी कानावर पडतो, इंटरनेटवरचा आवाज अर्धा मिनिट किंवा त्याहूनही मागे असू शकतो. शेजारच्या घरात आरडाओरडा होतो आणि आपल्याकडे चेंडू अजून मध्यरेषेवरच असतो. तेव्हा त्या वेळी फोनवरचे संदेश उघडू नयेत, एवढे पथ्य पुरे. दुसरी गोष्ट हक्कांची. स्थानिक केंद्र इंटरनेटवर सहज सापडते, पण सामना सुरू होताच परगावच्या किंवा परदेशच्या श्रोत्याला तेथे दुसराच कार्यक्रम ऐकू येतो. प्रसारणाचे हक्क भूभागानुसार वाटलेले असतात, म्हणून असे होते.

आपल्याकडून ऐकणाऱ्यांसाठी वेळेचे गणित मात्र सोयीचे आहे. हिवाळ्यात न्यूयॉर्कला संध्याकाळी साडेसातला सुरू होणारा सामना आपल्याकडे सकाळी सहाला असतो, आणि लॉस एंजेलिसचा साडेसातचा सामना सकाळी नऊला. म्हणजे फिरायला जाताना, चहा करताना, लोकलमध्ये उभे राहूनही सामना ऐकता येतो. पडद्याकडे पाहत यातले काही करता येणार नाही. कॅलिफोर्नियात कामाला असलेला मुलगा संध्याकाळी घरी परतताना गाडीत वॉरियर्सचा सामना ऐकत असेल. हा तोच चेंबरलेनचा संघ, १९६२ मध्येच फिलाडेल्फियाहून सॅन फ्रान्सिस्कोला गेलेला. टिम रॉय १९९५ पासून त्याचे रेडिओ समालोचन करत आले आहेत. त्याच कॅलिफोर्नियातल्या सॅक्रामेंटो किंग्ज संघाची मालकी २०१३ मध्ये मुंबईत जन्मलेल्या विवेक रणदिवे यांच्या नेतृत्वाखालील गटाकडे आली, आणि ऑक्टोबर २०१९ मध्ये हा संघ इंडियाना पेसर्सशी दोन सामने खेळायला मुंबईत वरळीलाही येऊन गेला. तेव्हा हे जग आपल्याला वाटते तितके परके उरलेले नाही.

आवाज कोण बंद करतो आहे?

इतके मार्ग असताना काळजी कशाची? काळजी अशी की मार्ग वाढत आहेत आणि त्यांवरून येणारे बोलणे पातळ होत आहे. खर्च वाचवण्यासाठी स्वतंत्र रेडिओ समालोचक ठेवायचा नाही, दूरचित्रवाणीचाच आवाज रेडिओवर सोडून द्यायचा, हा मार्ग काही व्यावसायिक संघांना सोपा वाटतो. कागदावर हे शहाणपणाचे दिसते. ऐकणाऱ्याच्या जागी बसून पाहावे. दूरचित्रवाणीवरचा समालोचक चित्र दिसते आहे असे धरून बोलतो. 'वा! काय केलं त्यानं!' एवढे म्हणून तो थांबतो. पाहणाऱ्याला तेवढे पुरते. ऐकणाऱ्याला कोणी केले, काय केले, गुण झाला की हुकला, काहीच कळत नाही. त्याच्या वाट्याला फक्त गर्दीचा गलका येतो.

२०२० च्या महासाथीत समालोचक संघाबरोबर प्रवास करू शकत नव्हते. त्यांनी स्टुडिओत पडद्यासमोर बसून सामने सांगितले. तेव्हा तो नाइलाज होता आणि त्यांनी तो निभावला, याबद्दल त्यांचे आभारच मानायला हवेत. परंतु पडद्यावर कॅमेरा दाखवतो तेवढेच दिसते. मैदानाशेजारी बसलेल्याला बाकावरचा प्रशिक्षक उठलेला दिसतो, लंगडत परतणारा खेळाडू दिसतो, चेंडूपासून दूर चाललेली धक्काबुक्की दिसते. अडचणीच्या काळातली तडजोड काटकसरीच्या नावाखाली कायमची होऊ नये.

तिसरे संकट गाडीत आहे. विजेवर चालणाऱ्या मोटारींच्या यंत्रणेमुळे मध्यम लहरींच्या प्रसारणात खरखर येते, असे सांगून काही उत्पादकांनी गाड्यांतून एएम रेडिओच काढून टाकला. २०२३ मध्ये फोर्ड कंपनीनेही तसे ठरवले होते, पण ओरड झाल्यावर निर्णय फिरवला. त्याच वर्षी प्रत्येक नव्या गाडीत एएम रेडिओ सक्तीचा करावा असे विधेयक अमेरिकन काँग्रेसमध्ये मांडले गेले. त्यामागे मुख्य कारण आपत्तीच्या वेळच्या सूचनांचे होते. पण जो रेडिओ वादळाची खबर देतो तोच संध्याकाळी सामनाही ऐकवतो, आणि सामन्यासाठी जपला तरच तो वादळाच्या वेळी हाताशी असतो.

या सगळ्याचा हिशेब करताना एक माणूस नेहमी विसरला जातो: ज्याला दिसत नाही तो. अंध माणसाला धावते वर्णन ही दुय्यम सोय नसते, त्याच्यासाठी तोच सामना असतो. त्याच्या बरोबरीने रात्रपाळीची परिचारिका, ट्रकचालक, फाटकावरचा पहारेकरी, दृष्टी अधू झालेले आजोबा, महागड्या वर्गण्या न परवडणारा विद्यार्थी. या सर्वांना मिळून एक आवाज पुरतो. एका समालोचकाचा पगार वाचवताना संघ या सर्वांना क्रीडागृहाबाहेर काढत असतो, याची जाणीव हिशेबनीसाला नसेल, पण संघाच्या मालकाला असली पाहिजे. स्वतंत्र समालोचक ठेवणे खरोखरच शक्य नसेल, तर निदान हर्न यांचा कित्ता गिरवावा. आवाज एकच असू द्या, पण तो न पाहणाऱ्यासाठी बोलू द्या.

आपल्या घरात

आपल्याला हा वारसा नवा नाही. १९३० च्या दशकात मुंबईत बॉबी तल्यारखान एकटे दिवसभर क्रिकेटचे वर्णन करत. पुढे बाळ ज. पंडित यांनी आकाशवाणीवरून मराठीत क्रिकेट सांगितले आणि ज्याने कधी मोठे मैदान पाहिले नाही त्या खेड्यातल्या श्रोत्यालाही ते दिसू लागले. कानाला ट्रान्झिस्टर लावून पानाच्या ठेल्यावर उभी असलेली माणसे हे एके काळी आपल्या रस्त्यांचे नेहमीचे दृश्य होते. अनोळखी माणूसही थांबून 'स्कोअर काय?' असे विचारी आणि त्याला उत्तर मिळे.

ती सवय पुन्हा लावायला फार काही लागत नाही. एखाद्या रविवारी मुलांबरोबर एका सामन्याचा एकच भाग, बारा मिनिटांचा, पडदा बंद ठेवून ऐकून पाहावा. कागदावर एक आयत काढावा, मधोमध रेषा, दोन टोकांना दोन बास्केट. एका मुलाने चेंडू कुठे आहे ते बोटाने दाखवावे, दुसऱ्याने गुण लिहावेत. पहिली दोन-तीन मिनिटे गोंधळात जातील. मग नावे ओळखीची होतील, समालोचकाचा स्वर चढला की बोट आपोआप बास्केटकडे सरकेल. शब्दांवरून चित्र उभे करण्याची ही शक्ती पुस्तक वाचतानाही लागते, आणि आज मुलांत तिचीच वाण आहे अशी तक्रार आपण करत असतो.

त्याहून एक पाऊल पुढे जाता येईल. नात शाळेच्या संघातून बास्केटबॉल खेळते, पण आजीला मैदानापर्यंत जाणे जमत नाही. अशा वेळी तिकडून थरथरणारी चित्रफीत पाठवण्याऐवजी भावाने आजीला फोन लावावा आणि सामना सांगावा. कोणाकडे चेंडू, कोण अडवते आहे, किती-किती झाले. त्याला कळेल की पाहणे सोपे आहे आणि सांगणे अवघड. ज्याला सांगायचे त्याला काय दिसत नाही, हे आधी ओळखावे लागते.

समालोचकाची सगळी कला याच ओळखीत आहे. समोर नसलेल्या माणसाचा विचार करून बोलणे, तो मध्येच आला असेल हे धरून त्याला पुन्हा एकदा गुणसंख्या सांगणे, हे खेळापुरतेच उपयोगाचे आहे असे नाही. जो समाज आपल्या करमणुकीतही न दिसणाऱ्यांची आणि न पोचलेल्यांची आठवण ठेवतो, तो इतर ठिकाणीही ती ठेवण्याची शक्यता अधिक असते. म्हणून मैदानाशेजारचा तो मायक्रोफोन आणि त्यामागे बसलेला माणूस टिकला पाहिजे. तो टिकवण्याची पहिली जबाबदारी संघांची, आणि दुसरी ऐकणाऱ्यांची. कारण जो आवाज कोणी ऐकत नाही तो बंद करायला कोणाची परवानगी घ्यावी लागत नाही.